तवा हसला

भिवपुरीच्या वीजघराच्या वसाहतीत टीव्ही एकच, क्लबातला, काळापांढरा. रविवारच्या सिनेमाआधी वेळ उरला की त्यावर परदेशातली एखादी छोटी चित्रफीत लागायची. ना बोलणं, ना गाणं, नुसत्या पळणाऱ्या रेघा. खुर्चीची बकरी व्हायची, बकरीची किटली. आम्हा मोठ्या पोरांना वैताग यायचा. माझा चार वर्षांचा भाऊ मात्र डोळे फाडून बघायचा.

एका रविवारी एक बाई आली, एकाच रेघेची. कुणीतरी तिचे हात खोडून टाकले, मग पाय, आणि ती चिमणी होऊन उडाली. तेवढ्यात ते मध्येच तोडून सिनेमा सुरू झाला. भावानं असा गळा काढला, की त्याला उचलून घरी आणावं लागलं.

आमची आई तेव्हा छातीच्या दुखण्यानं मुंबईच्या इस्पितळात होती, आणि मुलांना तिथं नेत नसत. ती बाई परत आली का, असं भाऊ भेटेल त्याला विचारत सुटला. पुढच्या रविवारी भलतंच काही लागलं, तेव्हा त्यानं जेवणच सोडलं. मला त्या टीव्हीचा मनस्वी राग आला.

घर सांभाळायला खालापूरकडची आत्या येऊन राहिली होती. संध्याकाळी भाकऱ्या झाल्यावर तिनं तवा उलटा केला आणि भावाला मांडीवर घेतलं. तव्याच्या काजळीत ठिणग्या पळू लागल्या, विझल्या, पुन्हा उमटल्या.

"ही बग चिमनी," आत्या म्हणाली. "आनि ही बग, झाली परत बाय."

त्याला दिसली. मला काही दिसलं नाही, तरी मीही वाकून बघत राहिले. अशा ठिणग्या पळाल्या म्हणजे तवा हसला, आणि तवा हसला की घरी पाहुणा येतो, हेही आत्यानं त्याला सांगून टाकलं. त्या दिवसापासून तो रोज तव्यासमोर बसून जेवू लागला.

भातकापणी उरकल्यावर आई आली. इतकी वाळली होती, की क्षणभर मलाही परकी वाटली. भाऊ आत पळाला आणि आत्याला म्हणाला, "पाव्हनी आली."

आई उंबऱ्यावरच बसली. भावाला एक ठेवून द्यावी असं मला वाटलं. ही तुझी आई आहे, असं सांगत आत्यानं त्याला पुढं ढकललं. त्यानं आधी आईचे हात चाचपले, मग पाय.

"परत चिमनी व्हशील?"

तो काय विचारतोय हे आईला कुठून कळणार. तरी तिनं त्याला जवळ ओढलं.

"नाय रं," ती म्हणाली. "आता नाय."