फिल्मला दाखवलेलं ऊन

त्या वैशाखात डाळी, गोधड्या आणि मिरच्यांसोबत मी सासऱ्यांच्या सिनेमाच्या फिल्मलाही ऊन दाखवलं. फिल्म धुवायला मुंबईला न्यायची आहे, असं ते म्हणत. मला वाटलं, धुणं होईल तेव्हा होईल, निदान कोंदट वास तरी जावा. मॅट्रिक झालेली मी; घरात माझ्याइतकी शिकलेली बाई नव्हती, मग विचारायचं कुणाला? डब्याची पट्टी सोडवली, काळा कागद काढला, आणि वेटोळी उलगडून बाजेवर कुरडयांच्या शेजारी पसरली. वाऱ्यानं उडू नये म्हणून वर वाट्या ठेवल्या. अक्कल होती ती सगळी त्या वाट्यांत गेली.

नांदुऱ्याच्या बाजूला सिनेमाचा कॅमेरा पहिल्यांदा मामंजींनीच आणला. लोक लग्नाला बोलवत, तर ते जात नसत. त्यांना तेलाचा घाणा हवा, बाजारातली मापं हवी, स्टेशनावर कापसाच्या गाठी चढवणारे हमाल हवे. रोजचं कोणी पाहत नाही आणि मग ते राहतही नाही, असं म्हणायचे. सासूबाईंचं उत्तर ठरलेलं होतं: रोजची तर मीही आहे.

त्या वर्षी गावातली कापसाची जिनिंग गिरणी कायमची बंद झाली. शेवटच्या हंगामात मामंजींनी बॉयलरवर कोळसा टाकणाऱ्या माणसाला काम करताना याच फिल्मवर टिपलं. महिनाभरात तो माणूस तापानं गेला. त्याची बायको जिनिंगमध्येच कापसातला कचरा वेचायची. बाजाराच्या दिवशी ती दाराशी येऊन फिल्म धुतली का विचारायची. घरी नवऱ्याचा एक फोटो होता, स्टुडिओतला, खुर्चीवर ताठ बसलेला. तसा तो जिंदगीत कधी बसला नाही, म्हणायची. मामंजींनी तिला शब्द दिला होता की अंगणात धोतराचा पडदा बांधून त्यावर तो चालताना दाखवीन.

संध्याकाळी मामंजी आले आणि बाजेपाशी थांबले. ते रागावले नाहीत. वाट्या उचलून त्यांनी बाजूला ठेवल्या आणि फिल्म हळूहळू परत गुंडाळली. आता तिचा काही उपयोग नव्हता, हे मला नंतर कळलं. मी रडत राहिले. ते एवढंच म्हणाले की त्याच्या बायकोला तूच जाऊन सांग.

दुसऱ्या दिवशी गेले. ती ओट्यावर तूर पाखडत होती. मी काय करावं? उजेडानं फिल्म कशी जळते, हे तिला समजावत बसले. मला स्वतःला ते आदल्या रात्रीच कळलं होतं, पण शिकवलं मास्तरणीसारखं. ती पाखडत राहिली. मग समजूत काढायला बोलून गेले की फिल्म घेतली त्या दिवशी मामंजींचा डबा घेऊन मी जिनिंगवर गेले होते, आणि तिच्या नवऱ्याला कोळशाची पाटी नेताना मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं आहे.

तिनं सूप खाली ठेवलं. तुरीचा ढीग भिंतीकडे सारून ओट्यावर जागा केली आणि म्हणाली,

“तुवा पाह्यलं ना त्याले? मंग ऊठ, बाई. कसा चालत होता, ते चालून दाखव मले.”