धर्मराजनं लिंपलेली भिंत

टेंभुर्णीच्या जयंतीच्या नाटकांचे पडदे रंगवता रंगवता धर्मराज मुंबईच्या टीव्ही केंद्रात नेपथ्यकार झाला, हे गावाला शहात्तर सालीही पटत नव्हतं. गावात टीव्ही पाहिला होता कुणी? त्याला स्वतःलाही धाकधूक होतीच, कारण नोकरी अजून कच्ची होती. त्यातच मराठवाड्यातल्या एका शेतमजूर घराचं नाटक त्याच्याकडे आलं आणि कॅमेऱ्याच्या चाचणीत त्याची मातीची भिंत पुठ्ठ्यासारखी सपाट दिसली. निर्मात्यांनी तोंडावर सांगितलं, "आठ दिवसांत भिंत खरी दिसली नाही, तर मी दुसरा माणूस बघतो."

खुळ्यानं ब्रशनं रंग दिला होता! ज्या बाईनं निम्म्या गावाची घरं लिंपली, तिच्या पोटच्या पोरानं.

त्यानं गावाची वाट धरली. आईनं, कांताबाईनं, सगळं ऐकून घेतलं आणि गाऱ्याचं घमेलं त्याच्यापुढे सरकवलं.

"मातीनं काय होतंय? हात पाहिजे. खांद्यातून फिरव, मनगटातून न्हाई."

लिंपणं हे बायांचं काम. मुंबईचा साहेब दिवसाढवळ्या उकिडवा बसून भिंत लिंपतोय म्हटल्यावर गल्ली गोळा झाली.

"काय करून राह्यला रे धर्मा? लुगडं आणू का?" शेजारच्या गोजरबाईनं विचारलं आणि हशा पिकला.

त्याचे कान तापले, पण हात थांबला नाही. आईनं दोनदा सगळं खरवडायला लावलं. दिवस कलताना मात्र म्हणाली, "आता बराबर."

स्टुडिओत त्यानं फळ्यांवर गोणपाट ठोकलं आणि शेणमातीचा गारा स्वतः चढवला. दिव्यांच्या धगीनं असा वास सुटला की नायिका नाकाला लावलेला पदर काढेना. धर्मराजनं एक दिवा भिंतीच्या कडेला सरकवला, तसा बोटांचा एकेक फेर उठून दिसू लागला.

नाटक दाखवलं त्याच्या दुसऱ्या दिवशी निर्मात्यांना वरच्या साहेबांचा फोन आला. साहेब भडकले होते. परवानगी न घेता कॅमेरा खेड्यात नेलाच कसा, असं ते विचारत होते. निर्मात्यांनी हसत रिसीव्हर धर्मराजच्या हातात दिला.

"कॅमेरा कुठंच गेला नाही, साहेब," तो म्हणाला. "घर स्टुडिओतलंच आहे. मी लिंपलंय, माझ्या हातानं."

साहेबांचा आवाज खाली आला.

"तुमची नोकरी पक्की आहे ना?"

"नाही, साहेब."

"झाली."