‘वाढेल’ खोडणारे मुजावर सर

मुजावर सरांची आणि माझी पहिली ओळख त्यांच्या रागातून झाली. चुन्याच्या निवळीची बाटली मी उघडीच ठेवली म्हणून त्यांनी मला प्रयोगशाळेबाहेर काढले होते. मी सोलापुरातल्या भवानी पेठेतल्या तेलुगूभाषक विणकराची मुलगी, मलाही राग कमी नव्हता. दुसऱ्या दिवशी सरांनी बोलावून निवळीवर धरलेली पांढरी साय दाखवली. “हवेतला कार्बन डायऑक्साइड दिसत नाही, पण गप्प बसत नाही,” म्हणाले. तेव्हापासून मी त्यांची विद्यार्थिनी झाले.

बारावीनंतर घरी माझे लग्न ठरवू लागले, तेव्हा सर घरी आले आणि आईशी मोडक्यातोडक्या तेलुगूत बोलत बसले. ते तेलुगू ऐकून आईला हसू आवरेना. लग्नाचा विषय मात्र मागे पडला.

सर आम्हांला वहीत टिपणे उतरवून घ्यायला लावत. ‘कोळसा, डिझेल जाळत राहिलो, तर हवेतला कार्बन डायऑक्साइड वाढेल, उष्णता अडकून राहील, उन्हाळे असह्य होतील.’ आम्ही हे घोकले आणि मार्क मिळवले. पुढे मी सरांच्याच महाविद्यालयात शिकवू लागले, तेही त्याच वहीतून. सोलापूरकरांना उन्हाचे काय कौतुक! ते किती कडक, हे आपण पाहुण्यांना फुशारकीने सांगतो.

सरांचे धाकटे भाऊ सलीमभाई यंत्रमागावर काम करत. वर तापलेला पत्रा, आणि सूत तुटू नये म्हणून खिडक्या बंद. काही वर्षांपूर्वी मे महिन्यात ते मागाशेजारीच कोसळले आणि उष्माघाताने गेले. “सावलीतल्या माणसाला ऊन कसं लागंल?” असे शेजारी विचारत राहिले. बंद खोलीत कोंडलेली उष्णताही जीव घेते, हे सरांना ठाऊक होते.

सलीमभाईंचा चाळिसाव्या दिवसाचा विधी झाल्यावर सर माझ्या वर्गात आले. माझी वही मागून घेतली आणि लाल पेनाने ‘वाढेल’ खोडून ‘वाढला’ लिहिले. ‘राहील’चे ‘राहिली’ केले, ‘होतील’चे ‘झाले’. मग मुलांना म्हणाले, “मी जन्मभर चुकीचा काळ शिकवला. सलीमलाही घरी हेच सांगायचो. ‘होईल’ म्हटलं, की माणूस निवांत राहतो की.” मला रडू आवरले नाही.

तेव्हापासून सर उन्हाळ्यात भर दुपारी कारखाने पालथे घालतात. पत्र्याला चुना मारा, ओली पोती टाका, खिडक्या उघडा, असे विनवतात. “वारं आलं की सूत तुटतंय, सर,” एक मालक माझ्यासमोर कुरकुरले. सर म्हणाले, “सुताला गाठ मारता येते.” त्या मालकांनी एक खिडकी उघडली. बाकीच्या अजून बंदच आहेत.

गेल्या उन्हाळ्यात अशाच एका कारखान्याच्या दारात सर स्वतः चक्कर येऊन पडले. डॉक्टरांनी दुपारी बाहेर पडायला सक्त मनाई केली आहे. सर ऐकत नाहीत. ते पंचाहत्तर वर्षांचे झाले याचा आनंद आहेच, पण खरे सांगायचे तर मला येत्या मे महिन्याची धास्ती वाटते.

सर, या गौरवग्रंथात शुभेच्छा द्यायच्या असतात. मी हट्ट करते आहे. भवानी पेठेतले कारखाने आम्ही वाटून घेतले आहेत, प्रत्येक दुपारी माझे विद्यार्थी आणि मी जाऊ. तुम्ही घरी थांबा, पाणी प्या, आमच्यावर ओरडायला पुष्कळ वर्षे ठणठणीत राहा. सलीमभाई गेले. तुम्हांला आम्ही या उन्हाच्या हवाली करणार नाही.