डाव्या हाताच्या तीन फेऱ्या

माझे बाबा कानाचे डॉक्टर होते आणि त्यांना कान फाडणारे आवाज आवडायचे. पुण्यात शिकत असताना रद्दीच्या दुकानात अमेरिकन मोटार शर्यतींची जुनी मासिकं त्यांच्या हाती लागली. नॉटिंगहॅमला हॉस्पिटलात नोकरी धरली, मी जन्मले, केस पांढरे झाले, पण ते वेड काही गेलं नाही. अमेरिकेला ते एकदाही गेले नाहीत. तिथल्या ट्रॅकचे नकाशे मात्र स्वतःच्या हाताने काढून एका खाकी फायलीत लावले होते. एक ट्रॅक विटांचा, एक अर्धा समुद्राच्या वाळूवरून आणि अर्धा रस्त्यावरून जाणारा. त्यांचे सगळ्यात लाडके म्हणजे पहिल्या महायुद्धाच्या आसपासचे लाकडी ट्रॅक. फळ्या ऊनपावसात कुजायच्या, मग शर्यत चालू असतानाच सुतार खाली बसून त्या ठोकायचे आणि वरून गाड्या धडधडत जायच्या. "त्या सुतारांचं बरं होतं, त्यांचा पेशंट बोलत नव्हता," असं बाबा म्हणायचे.

अमेरिकन अंडाकृती ट्रॅकवर गाड्या फक्त डावीकडे वळतात. इंग्रजांचे घोडे उजवीकडे धावायचे, म्हणून स्वातंत्र्य मिळाल्यावर अमेरिकनांनी मुद्दाम उलटी दिशा धरली, अशी गोष्ट बाबा जेवताना सांगायचे. खरंखोटं देव जाणे. आई दर वेळी त्यांना थांबवायची. "डावीकडून चितेभोवती फिरतात. जेवताना नको तो विषय."

२००१ साली आमच्यापासून तासाभरावर, कॉर्बीजवळ, तसाच अमेरिकन पद्धतीचा ट्रॅक सुरू झाला. सप्टेंबरात खुद्द अमेरिकेतल्या गाड्या येणार होत्या. बाबांनी सरावाच्या दिवसाची दोन तिकिटं काढली, एक त्यांचं आणि एक माझं. मी तेव्हा हॉस्पिटलात रजिस्ट्रार, म्हणजे मधल्या फळीची डॉक्टर होते. आदल्या दिवशी मी त्यांना सांगितलं की मला ऑन-कॉल लागलंय. ते खोटं होतं. मला झोपायचं होतं आणि दिवसभर त्यांची व्याख्यानं ऐकायची नव्हती.

ते एकटे गेले. दुपारी मोबाइलवर त्यांचा फोन आला तेव्हा मी माझ्या फ्लॅटवर अंथरुणातच होते.

"अजून एकही गाडी सुटली नाही बघ. डांबरातून खालचं पाणी झिरपतंय. ओल्या ओव्हलवर हे लोक गाडी काढत नाहीत. तू सुटलीस का? You can still make it. आईने पराठे दिलेत, तुझ्या वाटचे ठेवलेत."

"नाही हो बाबा, वॉर्डात खूप बिझी आहे," मी उशीला टेकून म्हणाले.

त्या दिवशी ट्रॅक वाळलाच नाही. बाबा संध्याकाळपर्यंत बसून घरी आले. मला एका शब्दाने बोलले नाहीत. तिकिटाचा अर्धा तुकडा त्यांनी फायलीत लावला.

त्यानंतरच्या दुसऱ्या हिवाळ्यात ते हृदयविकाराने गेले. मी एकुलती एक, त्यामुळे सगळं माझ्याकडे आलं. मी फॉर्म भरले, फोन केले, नंतरच्या चहाला किती माणसं येतील ते क्रेमेटोरियमला कळवलं. रडू येत नव्हतं. लोक "काय खंबीर आहे पोरगी" म्हणायचे. मी खंबीर नव्हते, मला काही जाणवतच नव्हतं. दात काढायच्या आधी इंजेक्शन दिल्यावर गाल जसा आपला वाटत नाही, तसं सगळं अंगच झालं होतं.

क्रेमेटोरियमात आम्हाला अर्ध्या तासाची वेळ मिळाली होती. लेस्टरहून आलेले गुरुजी म्हणाले की पाण्याचं मडकं खांद्यावर घेऊन फिरणं इथे चालत नाही, तेव्हा शवपेटीभोवती नुसत्याच तीन फेऱ्या घाला. मी घातल्या. लहानपणी आठवड्याच्या आठवड्याला आईबरोबर लेस्टरच्या देवळात गेलेली मी, पायांना जी सवय होती तशी फिरले, पेटी उजव्या हाताला ठेवून. सरळसरळ प्रदक्षिणाच घातली. गुरुजी पुस्तकात बघत होते. मग पडदा सरकला आणि पेटी त्याच्यामागे गेली.

परत येताना आई गाडीत म्हणाली, "डावीकडून जायचं असतं गं. तू देवाला घालतात तशी घातलीस."

"It doesn't matter, आई."

"त्यांना matter करत होतं," ती म्हणाली. "जन्मभर डावीकडे, डावीकडे करत होते."

वर्षभर तो काटा तिच्या मनातून निघाला नाही. ते अडकलेत, असं ती दर रविवारी फोनवर सांगायची. मी गती वगैरे मानत नाही. चिडून तसं तिला बोललेही. पण मनात मला त्या फेऱ्यांचं नव्हे, त्या पराठ्यांचं टोचत होतं, आणि ते तिला सांगायची हिंमत नव्हती.

पुढच्या उन्हाळ्यात तिने पेपरातली एक जाहिरात कापून ठेवली. कॉर्बीच्या ट्रॅकवर चॅरिटीसाठी आपली गाडी नेता येणार होती, एका पुढच्या गाडीमागून, सावकाश. "तीन फेऱ्या देतायत," एवढंच आई म्हणाली.

आम्ही बाबांची गाडी काढली. ऊन होतं. आईच्या मांडीवर खाकी फाईल होती, आणि तिच्यावर पाण्याने भरलेला तांब्या. गेटवरच्या माणसाने तांब्याकडे पाहिलं आणि सीटबेल्ट लावायला सांगितलं. आई डावीकडच्या सीटवर, म्हणून मधलं मैदान तिच्या बाजूला. रिकाम्या स्टँडमध्ये हजारो खुर्च्या होत्या. त्यांतल्या कुठल्या खुर्चीवर ते दिवसभर डबा घेऊन बसले होते, कोण जाणे.

पहिल्या फेरीत मी नुसती पुढच्या गाडीमागे राहिले. दुसऱ्या फेरीत मी म्हणाले, "आई, त्या दिवशी मला ऑन-कॉल नव्हतं. मी घरी झोपले होते."

आईने तांब्या दोन्ही हातांनी धरला होता. "माहीत होतं त्यांना," ती म्हणाली. "तुझ्या वॉर्डात फोन केला होता त्यांनी आधी, मग तुला."

मी स्टिअरिंग डावीकडेच धरून ठेवलं. तिसरी फेरी संपताना तिने काच खाली करून तांब्या बाहेर उपडा केला. डांबरावर पाण्याची लांब रेघ उमटली असणार. सवयीने माझी नजर आरशाकडे गेली, तेवढ्यात आईने हात लांब करून आरसा वर छताकडे फिरवला.

"मागे बघायचं नसतं," ती म्हणाली.

घरी पोचेपर्यंत मी तो आरसा तसाच ठेवला. M1 हायवेवर मागून काय येतंय ते मला दिसत नव्हतं, आणि थोड्या वेळाने पुढचंही दिसेनासं झालं, म्हणून मी गाडी बाजूला घेतली.