चिंगीचं पत्र मी मागे घेतलं नाही

"साठे-सान, ते पत्र मागे घ्या. चुकून दिलं म्हणा."

असं म्हणाले मोरिता-सान, टोकियोत तोयोसुला असलेल्या आमच्या ऑफिसचे एचआर हेड. मी तिथली काउन्सेलर.

पत्र आमच्या नेहा देशमाने या इंजिनिअरसाठी होतं. मोठा भूकंप झाला तेव्हा ती सेंदाईला पीएचडी करत होती. तेव्हापासून फोनवर भूकंपाचा इशारा वाजला की तिचे हातपाय गार पडायचे, तोंडातून शब्द फुटायचा नाही. मग चिंगी, तिची मांजर, मांडीवर आली की श्वास हळूहळू ताळ्यावर यायचा. आमची सेशन्स व्हिडिओवर व्हायची, त्यामुळे हे मी दोन वर्षं डोळ्यांनी पाहिलं होतं. पत्रात तेवढंच लिहिलं. अशा प्राण्याला इमोशनल सपोर्ट अ‍ॅनिमल म्हणतात. त्याला ट्रेनिंग नसतं. जवळ असणं हेच त्याचं काम.

कंपनीने दिलेल्या फ्लॅटमध्ये प्राण्यांना बंदी होती. नेहाने नियम मोडला होता, ते मी झाकणार नाही. फायर अलार्म तपासायला आलेल्या माणसाला चिंगी दिसली. नेहाने माझं पत्र पुढे केलं. बिल्डिंग सांभाळणाऱ्या ऑफिसचं उत्तर आलं: पत्र खोटं आहे, महिन्याभरात मांजर हलवा.

जपानच्या कायद्यात मदतनीस, म्हणजे 'असिस्टन्स', कुत्र्यांचे तीनच प्रकार आहेत: अंधांसाठी, बहिऱ्यांसाठी आणि अपंगांसाठी. मांजर कुठेच बसत नाही.

"मॅडम, 'असिस्टन्स अ‍ॅनिमल' लिहा ना," नेहा म्हणाली. "कोण बघतंय?"

"ते बघतील. आणि मग तुझं दुखणंही खोटं ठरेल."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मी शब्द बदलला नाही.

मोरिता-सानना म्हटलं, "मागे घेणार नाही. मला त्यांच्याशी बोलायचंय."

"बिल्डिंगशी संबंध बिघडतील."

"बिघडू देत. सही माझी आहे."

बिल्डिंगच्या ऑफिसातले ओनो-सान नम्र होते, पण ठाम. "तिला आजार कोणता, ते सांगा. मग विचार करू."

"ते सांगणार नाही. ते तिचं खासगी आहे."

"अशी पत्रं इंटरनेटवर विकत मिळतात."

"मिळतात. हे मी दोन वर्षांच्या नोंदींवरून लिहिलंय. याने तुम्ही कायद्याने बांधले जात नाही, मान्य आहे. तुम्ही 'नाही' म्हणू शकता. 'खोटं' म्हणू शकत नाही. तो शब्द लेखी मागे घ्या."

ओनो-साननी माझं पत्र पुन्हा एकदा वाचलं. मग म्हणाले, "शब्द मागे घेतो. नियम राहील."

आठवड्याने तसं पत्र आलं. ते मी मोरिता-सानच्या टेबलावर ठेवलं. कर्मचाऱ्याच्या तब्येतीची काळजी घेणं कंपनीवर बंधनकारक असतं, त्यामुळे खोटेपणाचा ठपका गेल्यावर कंपनीला घर बदलून देणं भाग पडलं. एदोगावात प्राणी चालणारा फ्लॅट मिळाला. नेहाचा प्रवास वाढला. चिंगी तिच्याबरोबर गेली. मोरिता-सान पुढे कित्येक महिने माझ्याशी कामापुरतंच बोलत.

आता अशा पत्राची पहिलीच ओळ मी अशी लिहिते: 'या पत्राला जपानमध्ये कायद्याचं बंधन नाही.' तेव्हापासून एकही पत्र कुणी खोटं ठरवलेलं नाही.