वसंताचे बाबा मॅच बघायला येतात

हरणाऱ्या टीमकडे किस्से फार साठतात. जिंकणाऱ्यांकडे कप असतो, तो कपाटात ठेवला की विषय संपला. हरणाऱ्यांना मात्र परत येताना कारमध्ये काहीतरी बोलावंच लागतं, नाहीतर चौघं जण अर्धा तास नुसता ट्रॅफिक रिपोर्ट ऐकत बसणार! आमच्याकडे असा चार-पाच वर्षांचा माल पडून आहे. कोणी चहाला आलं की मी सुरू होतो आणि बायको उठून आत जाते.

टीम म्हणजे अमेरिकेतल्या पिस्कॅटवेच्या आसपास राहणारे दहा मराठी सॉफ्टवेअरवाले आणि एक युक्रेनियन. रविवारच्या लीगमधलं सगळ्यात खालचं डिव्हिजन. कॅप्टन पुण्याचा अभय देशपांडे. मी नागपूरचा, गोलकीपर, कारण मला पळायचा कंटाळा. आणि माझ्यासमोर डिफेन्सला वसिल. अभयनं पहिल्याच दिवशी त्याचा वसंता केला आणि तो शेवटपर्यंत वसंताच राहिला. हे सगळे किस्से त्याचेच.

* * *

२००२ साल. ऑफिसात ले-ऑफ सुरू होते. पद्धत अशी की शुक्रवारी एचआर बोलावून सांगणार आणि सोमवारी बिल्डिंग मेंटेनन्सचा माणूस येऊन तुमचं क्युबिकल खोलून नेणार. तो माणूस म्हणजे वसंता. सव्वासहा फूट उंच, डोक्याचा गोटा, हातात इलेक्ट्रिक स्क्रू-ड्रायव्हर. तो पॅसेजमधून निघाला की सगळे एकदम जोरात टाइप करायला लागायचे.

एका मंगळवारी तो माझ्या टेबलापाशी थांबला. शुक्रवारी मी सुट्टीवर होतो ना! नोकरी गेली की व्हिसा गेला. मी मुकाट्यानं बायकोचा फोटो उचलून खिशात घातला.

तो वाकला. टेबलाखालचा माझा फुटबॉल पायानं बाहेर ओढला आणि विचारलं, "तुमच्यात डिफेन्सला कोण आहे?"

मी म्हटलं, कोणीच नाही.

"दिसलं. रविवारी पार्कात होतो मी."

मला इतकं हायसं वाटलं, की त्यानं गोलकीपिंग मागितलं असतं तरी देऊन टाकलं असतं.

* * *

हा बुवा खराखुरा फुटबॉलपटू निघाला. युक्रेनमध्ये तिसऱ्या दर्जाच्या लीगमध्ये अकरा वर्षं खेळलेला. चार क्लब, त्यातले तीन बंद पडले. अकरा वर्षांत गोल फक्त एक. कुठल्या बाजूला, ते विचारायचं नाही!

एक क्लब बंद पडल्याचं तर त्यांना बसमध्येच कळलं. दुसऱ्या गावी मॅचला निघाले होते. वाटेत चहाला थांबले तिथे मॅनेजरला फोन आला. ड्रायव्हर क्लबचाच नोकर. त्यानं शांतपणे सगळं ऐकून घेतलं, बस वळवली आणि घरी गेला. म्हणजे स्वतःच्या घरी! अंगणात बस लावली, चावी खिशात टाकली आणि आत जाऊन जेवायला बसला. हे सगळे बूट गळ्यात अडकवून सतरा किलोमीटर चालले.

आम्ही खो खो हसलो. वसंता हसला नाही. त्या बसमध्ये बसताना तो फुटबॉलपटू होता, उतरताना नव्हता, एवढंच तो म्हणाला. पुढच्या गावी पुन्हा क्लब शोधला, पुन्हा तेच. शेवटी चुलत भावाच्या ओळखीनं इथे येऊन लोकांची क्युबिकलं खोलायला लागला.

* * *

त्याच्या वडिलांनी त्याला खेळताना कधी बघितलंच नव्हतं.

वडील रेल्वे फाटकावर नोकरीला. रविवारी हमखास ड्युटी. तरी अकरा वर्षांत दोनदा गेले. पहिल्यांदा आठ तास बसनं प्रवास करून स्टेडियमवर पोचले, बस उशिरा आली होती. आत जाऊन त्यांनी एकेक माणूस मोजला. दहाच भरले आणि त्यात पोरगा नाही! अकराव्या मिनिटाला वसंताला रेड कार्ड मिळालं होतं. वडिलांनी त्याला ड्रेसिंग रूममध्ये शोधून काढलं, घरून आणलेलं उकडलेलं अंडं सोलून दिलं आणि परतीची बस पकडली.

दुसऱ्यांदा कोचनं त्याला पूर्ण नव्वद मिनिटं बेंचवर बसवून ठेवलं. निघताना वडील म्हणाले, चांगला कोट दिला होता रे तुला, थंडी नाही ना वाजली?

वडिलांना फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं. आपला मुलगा मागे उभा राहतो आणि समोरच्याला पुढे जाऊ देत नाही, एवढं ठाऊक. फाटकवाल्याला तेवढं पटकन समजतं. त्यामुळे इथे दर रविवारी मॅच संपली की वसंता पार्किंग लॉटमध्ये कॉलिंग कार्ड खरवडून फोन लावायचा आणि वडील एकच प्रश्न विचारायचे, "आज किती गेले?" म्हणजे त्याला चुकवून किती जण पुढे निसटले.

हा पठ्ठ्या खरं सांगायचा! आम्ही सात-शून्यनं हरलो त्या दिवशी त्यानं चौदा सांगितले. मग वडील म्हणाले, बरं, जेवून घे.

मी शेजारी उभा राहून बूट काढत असायचो, वडिलांचा आवाज फोनबाहेर ऐकू यायचा. चौदापैकी निदान दहा माझ्या चुकलेल्या किकमुळे गेले होते, पण ते त्यानं कधीच सांगितलं नाही.

* * *

२००४च्या उन्हाळ्यात माझी आई सहा महिन्यांसाठी आली. रविवारी घरी एकटी काय करणार, म्हणून मैदानावर आणायचो. नऊवारीखाली माझे स्नीकर्स, फोल्डिंग खुर्ची, मांडीवर परात आणि परातीत मटार. मटार सोलता सोलता ओरडायची, "वसंता, धर बाप्पा त्याले!" वसंताला काय कळायचं कोण जाणे, पण तो धरायचा.

घरी आल्यावर मला म्हणाली, तो टकला एकटा काम करतो, तुम्ही बाकीचे काऊन जाता रे तिथं?

तिला एअरपोर्टवर सोडल्यानंतरच्या रविवारी वसंता माझ्याजवळ येऊन बसला. गुडघ्यावर बर्फाची पिशवी. डॉक्टरनं त्याला सांगितलं होतं, हा गुडघा फार तर एक-दोन सीझन, मग ऑपरेशन आणि खेळणं बंद. त्यानं विचारलं, तुझी आई इथे कशी आली? म्हणजे कागद कुठले लागतात?

त्याला वाटलं असेल मी दोन ओळींत सांगेन. पण त्यानं प्रश्न कुणाला विचारला होता! आई-वडिलांना अमेरिकेत आणणं यात आमची पीएचडी. फुटबॉल येत नसेल, व्हिजिटर व्हिसा येतो!

* * *

अभयनं एक्सेलमध्ये चेकलिस्ट केली. दहा जणांची दहा निमंत्रणपत्रं, सीझनचं रंगीत टाइमटेबल, मैदानाचा नकाशा. फाइल इतकी जाड झाली की वडिलांनी ती दोरीनं बांधून नेली. वकिलातीत खिडकीवरच्या बाईंनी विचारलं, मुलगा कुठल्या जागेवर खेळतो? वडिलांना शब्दच माहीत नव्हता. म्हणाले, मागे उभा असतो. दोन मिनिटांत नकार.

दुसऱ्या वर्षी आम्ही फोनवरून वडिलांची तयारी करून घेतली. डिफेंडर म्हणजे काय, ऑफसाइड म्हणजे काय, सगळं पाठ. खिडकीवरच्या साहेबांनी एवढंच विचारलं की परत कधी याल, आणि वडिलांनी त्यांना ऑफसाइड समजावून सांगितला! पुन्हा नकार.

वसंता रविवारी नेहमीसारखा आला, गुडघ्याला पट्टा बांधला आणि उभा राहिला. मला मात्र फार वाईट वाटलं. ज्या गोष्टीत आपण हुशार म्हणून मिरवतो, तीच त्याच्यासाठी जमली नाही.

२००६ला फाइल केलीच नाही. वडील एक फोटो घेऊन गेले, आमचा लाल शर्ट घालून उभा असलेला वसंता, गुडघ्याला पट्टा. व्हिसा मिळाला. का मिळाला, आजतागायत कोणालाही कळलेलं नाही.

पण तो मिळाला ऑक्टोबरच्या शेवटी. ऑपरेशनची तारीख ठरलेली आणि सीझनची एकच मॅच उरलेली.

* * *

त्या रविवारी आमची टीम आयुष्यात पहिल्यांदा वेळेवर पोचली. अभय तर अर्धा तास आधी! वडील बुटके, डोक्यावर टोपी, हातात कापडी पिशवी. त्यांना माझ्या आईच्या खुर्चीत बसवलं. वसंतानं त्या दिवशी एकाऐवजी दोन पट्टे बांधले होते.

समोरची टीम येईना. मग त्यांच्या कॅप्टनचा फोन आला, सहाच्या वर माणसं जमत नाहीत, आम्ही येत नाही.

रेफरी म्हातारा आणि नियमाचा पक्का. म्हणाला, फोनवरचं लीगला चालत नाही. तुमची टीम मैदानात उभी पाहिजे. मी शिट्टी वाजवणार, पंधरा मिनिटं वाट बघणार, मग तीन-शून्यनं तुम्ही जिंकलात. पाच वर्षांतला आमचा पहिला विजय!

अभयनं वसंताला बाजूला घेतलं. म्हणाला, नंतर आपण आपल्यातच दोन टीम पाडू, बाबांना काय कळणार आहे?

"नको," वसंता म्हणाला. "त्यांच्याशी मी कधी खोटं बोललो नाही."

शिट्टी वाजली. आम्ही आपापल्या जागी उभे. समोरचं अर्धं मैदान रिकामं, पलीकडच्या गोलमध्ये कोणी नाही. आमचे सगळे घड्याळ बघत होते. वसंता गुडघे वाकवून, हात थोडे पसरून पुढे बघत होता. जरा वेळानं दोन पावलं डावीकडे सरकला. मग उजवीकडे. एकदा तर हात वर करून ओरडला, "अभय, मागे!" आणि अभय खरंच मागे गेला. मी त्याच्या पाठीमागे गोलमध्ये उभा होतो आणि मला समोरचं नीट दिसेनासं झालं होतं. पंधरा मिनिटं फार मोठी असतात.

रेफरीनं शेवटची शिट्टी दिली, वहीत काहीतरी लिहिलं आणि गाडीकडे चालू लागला.

वडील खुर्चीतून उठले. पिशवीतून अंडं काढून सोलत सोलत सरळ मैदानात आले, वसंताच्या हातात ठेवलं आणि त्यांच्या भाषेत एक वाक्य बोलले. दर रविवारचा प्रश्न मला ऐकून ऐकून पाठ झाला होता. हा तो नव्हता.

मी विचारलं, काय म्हणाले?

वसंता हातातल्या अंड्याकडे बघत होता.

"म्हणतात, आज एकही नाही गेला."