वर्नाने मागे घेतलेला कोड

वर्ना कोम्ब्स आमच्या चर्चच्या मंडळीत शेवटच्या बाकावर बसते, दाराजवळ. आशीर्वादाचा शेवटचा शब्द संपतो न संपतो तोच ती बाहेर पडलेली असते. बायका म्हणतात, "वर्ना कशी दिसते? तिची पाठ छान आहे." आमचं आणि तिचं कुंपण एकच, म्हणून मी तिला समोरूनही ओळखते.

ती दवाखान्यासाठी कोड लावते. पेशंट येऊन गेला की डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं आणि प्रत्येक आजाराला अक्षर-आकड्यांचा ठरलेला कोड द्यायचा. विमा कंपनी माणूस बघत नाही, कोड बघते. उभं आयुष्य वर्नानं डोंगरापलीकडच्या मोठ्या इस्पितळात हेच केलं. तो विभाग बंद झाला, तेव्हापासून गावातल्या दवाखान्याचं काम घरी बसून करते. "कुणाशी बोलावं लागत नाही, म्हणून मला हे मानवलं," असं एकदा म्हणाली होती.

ईस्टरआधीच्या उपवासकाळात एका सकाळी ती मागच्या दारी येऊन उभी राहिली. मी घेवडा शिजत घातला होता.

"माझ्यासाठी आणि आणखी एका जीवासाठी प्रार्थना कर. पण कुणाबद्दल ते विचारू नकोस."

"अगं, नाव न घेता कशी करू?"

"देवाला नाव ठाऊक आहे. मला सांगायची परवानगी नाही."

ते नाव आता साऱ्या गावाला ठाऊक आहे, म्हणून लिहिते. आमच्याच मंडळीतल्या ट्विलाची मुलगी, शेल्बी. मुलगी वयात आलेली, अंगानं धट्टीकट्टी. मामाच्या पेंडीच्या दुकानात पोती रचते, पण गिऱ्हाईक आलं की पोत्यांमागे जाऊन उभी राहते. शाळा कशी पुरी केली देव जाणे. गेल्या पानगळीपासून ती दर गुरुवारी ग्रंथालयाच्या तळघरात एका वर्गाला जायची. चारचौघांत कसं बोलावं हे तिथे शिकवतात. नमस्कार करायचा, एक प्रश्न विचारायचा आणि उत्तरासाठी थांबायचं. नाताळात बर्गरच्या दुकानापाशी गाडी थांबली असता तिनं खिडकीतून स्वतःचा बर्गर स्वतः मागितला, तेव्हा ट्विला उपासनेनंतर प्रत्येकीचा हात धरून ते सांगत होती. त्या वर्गाचा खर्च विमा देत होता, वर्नानं लावलेल्या कोडवर.

आणि तो कोड चुकला होता. डॉक्टरांनी लिहिलं होतं, 'ऑटिझमचा संशय, तपासणी बाकी'. मोठ्या इस्पितळात भरती झालेला पेशंट घरी जाताना डॉक्टरांनी 'संशय' लिहिला, तर आजार आहे असं धरून कोड लावतात. साध्या दवाखान्यात नेमकं उलटं. तिथे संशयाला कोड नाही, डोळ्यांना दिसतं तेवढंच धरायचं. वर्नाच्या हाताला जुनं वळण. तिनं ऑटिझम लावून टाकला. जुने कागद तपासताना तो तिच्याच नजरेस पडला. त्या सकाळी तिनं नाव न घेता मला एवढं सांगितलं.

"कुणी विचारलं का?" मी म्हटलं.

"नाही. विचारणारही नाही."

"मग झाकली मूठ राहू दे की!"

"मूठ माझी आहे ना."

"आणि खरा कोड लावला तर?"

"खरा कोड म्हणजे नुसती सामाजिक कौशल्यांची उणीव. तेवढ्यावर विमा काही देत नाही. वर्गाला जाणं बंद होईल."

"मग डॉक्टरांना म्हणावं, पक्कं लिहा."

"विचारलं. तपासल्याशिवाय लिहिणार नाहीत. बरोबरच आहे त्यांचं. आणि तपासणीची रांग पुढच्या वर्षापर्यंत." मग तिनं टेबलावरची मिठाची बाटली उगीचच सरळ केली. "न झालेलं निदान जन्मभर एखाद्याच्या मागे लागतं गं. नोकरीत, विम्यात, सगळीकडे. ते मी माझ्या हातानं चिकटवलंय."

मी तिचा हात धरून प्रार्थना केली. काय मागितलं, खरंच आठवत नाही. 'खोटी साक्ष देऊ नको' ही देवाची आज्ञा मनात येत होती, आणि कुणीतरी कुठेतरी काहीतरी गमावणार, तेही मनात येत होतं. दोन्ही एकत्र देवापुढे कसं ठेवायचं?

वर्नानं दवाखान्याच्या व्यवस्थापकाला स्वतः जाऊन सांगितलं आणि कोड मागे घेतला. दवाखान्यानं ट्विलाला सगळं कळवलं, आणि तिच्या तोंडून ते गावभर झालं. पुढच्या गुरुवारी शेल्बी वर्गाला गेली नाही.

ईस्टरनंतरच्या रविवारी मंडळीचं जेवण होतं. ज्यानं त्यानं घरून काही आणायचं. वर्ना वाळवलेल्या सफरचंदांचा थरांचा केक घेऊन आली, आणि टेबलावर ठेवून निघणार तोच ट्विला आडवी आली.

"थांब की! आज पळायचं नाही. एवढी सत्याची चाड, तर तोंड दाखव."

पाळकसाहेब पुढे झाले. "ट्विलाबाई, जेवणाआधी—"

"तुम्ही राहू द्या, पाळकसाहेब. हिला मीच विचारते. काय बिघडत होतं गं तुझं? दार उघडलेलं होतं, पोरगी आत गेली होती. तू येऊन कुलूप घातलंस!"

"चूक माझी होती," वर्ना म्हणाली. तिचा आवाज टेबलाच्या पलीकडे पोचला नसेल.

"तुझी चूक, आणि भोगायची माझ्या लेकीनं! वा गं वा!"

मक्याच्या पावावरचं फडकं कुणीतरी उगाच काढलं, परत घातलं. तेवढ्यात शेल्बी भिंतीजवळून निघाली. चारचौघांच्या मधून चालत वर्नासमोर आली, तिच्या हनुवटीकडे बघत उभी राहिली, आणि पाठ केल्यासारखं स्पष्ट म्हणाली, "मिस वर्ना, तुमचा आठवडा कसा गेला?"

मग ती थांबली. उत्तरासाठी थांबायचं, हे शिकवलेलं होतं.

वर्ना दाराकडे बघत होती. मला वाटलं, आता जाणार. पण गेली नाही.

"वाईट गेला," ती म्हणाली.

शेल्बीनं मान हलवली. "का बरं?"

"तुझं नुकसान केलं म्हणून."

शेल्बीनं आईकडे पाहिलं, पुन्हा वर्नाकडे पाहिलं.

"याच्यापुढे काय म्हणायचं, ते अजून शिकवलं नव्हतं," ती म्हणाली.

"मलाही येत नाही," वर्ना म्हणाली.

दोघी तशाच उभ्या राहिल्या. ट्विलानं पदार्थांच्या टेबलाकडे पाठ फिरवली आणि खुर्चीच्या पाठीवर डोकं टेकून रडू लागली. केक कुणीच कापला नाही. मी आज सकाळी पुन्हा प्रार्थनेला बसले, तेव्हा वर्नाचं आणि शेल्बीचं, दोघींचीही नावं घेतली. पुढे काय मागायचं, ते मलाही सुचलं नाही.